थांबवलेल्या लढतीचा निकाल

मी, सुपडू वना बोरसे, वय वर्षे चौऱ्याहत्तर, निवृत्त क्रीडाशिक्षक, मूळ गाव तालुका शिंदखेडा, जिल्हा धुळे, हल्ली मुक्काम पिंप्राळा, जळगाव, ज्यास लोक बॉक्सिंगचा पंच म्हणून ओळखत आणि काही लोक अजून वेगळ्याच नावाने ओळखतात, तो मी हे मृत्युपत्र स्वतःच्या हस्ताक्षरात लिहून ठेवीत आहे. माझी बुद्धी शाबूत आहे. माझ्यावर कोणाचा दबाव नाही. ज्यांनी दबाव आणला असता ते बाहेरच्या खोलीत बसले आहेत आणि दाराला आतून कडी आहे.

माझे चित्त ठिकाणावर असल्याचा दाखला डॉ. आयुषी छाजेड यांनी दिला आहे. माझ्या मुलाच्या ओळखीचा डॉक्टर मी नाकारला. छाजेडबाईंचीही मी आधी चौकशी केली. त्यांनी मला विचारले, "आजोबा, आज वार कोणता?" मी विचारले, "तुम्हाला कोणी पाठवलं?" त्या हसल्या आणि म्हणाल्या, "दाखल्याला एवढं पुरे."

कलम पहिले. यापूर्वी मी तीन मृत्युपत्रे केली होती. तिन्ही रद्द समजावीत. पहिल्याचे पाकीट दोनदा उघडून पुन्हा चिकटवल्यासारखे दिसले. दुसऱ्यातला मजकूर मी कोणाला सांगण्याआधीच माझ्या सूनबाईंच्या वागण्यात गोडवा आला. तिसरे मीच असे लपवले की मलाच सापडत नाही. सापडले तर ते खोटे समजावे.

कलम दुसरे. पिंप्राळ्याचे राहते घर माझा मुलगा ईश्वर यास मिळावे. ईश्वर नाशिकला असतो, नोकरी चांगली आहे, दर रविवारी फोन करतो. पूर्वी आधी माझी तब्येत विचारायचा, मग पाऊस. आमच्या प्लॉटच्या बाजूचा रस्ता रुंद झाल्यापासून तो आधी प्लॉट विचारतो, मग तब्येत. क्रम बदलला हे त्याच्या लक्षात आले नसेल. माझे आयुष्य असल्या गोष्टी लक्षात घेण्यात गेले.

तरी घर त्याचेच. एकच सूचना. या घरावरच्या स्लॅबबद्दल त्याला कोणी काही सांगितले तर त्याने मान खाली घालू नये. तो स्लॅब मी शिक्षकांच्या पतपेढीचे कर्ज काढून घातला. तो ज्या महिन्यात घातला त्याच महिन्यात पुढे लिहिलेली गोष्ट घडली, एवढाच त्याचा दोष.

कलम तिसरे. माझी पत्नी कै. उषा हिचे दागिने नातीला द्यावेत. सोनाराकडे नेऊन आधी वजन करून घ्यावे. सोनाराचे वजन दुसऱ्या सोनाराकडे तपासावे. उषा असती तर हे वाक्य वाचून कपाळावर हात मारला असता. खेळाडू ठोसा खाऊन डगमगला की पंच त्याला उभा ठेवून आठ अंक मोजतो आणि तेवढ्यात त्याचे डोळे, पाय, श्वास बघून ठरवतो की पुढे खेळू द्यायचे की नाही. मी शाळेतून घरी आलो की दारात उभा राहून असाच तिच्याकडे बघायचो. ती म्हणायची, "मोजा, मोजा. सहा झाले का सात? मी आज फक्त भाजी आणायला गेले होते." ती शेवटच्या आजारात "काही दुखत नाही" म्हणत राहिली. मी विश्वास ठेवला नाही आणि मुंबईला नेले, म्हणून ती आणखी दोन उन्हाळे राहिली. माझ्या संशयाचा हिशेब मांडणाऱ्यांनी हेही लिहून घ्यावे.

कलम चौथे. माझे पंचाचे पांढरे कपडे, काळा बो, पातळ तळाचे बूट, आणि पितळी घंटा हे सारे धुळ्याच्या बॉक्सिंग क्लबला द्यावे. हा क्लब मी आणि माझा धाकटा भाऊ जीवराम आम्ही दोघांनी एका बंद पडलेल्या जिनिंगच्या शेडमध्ये सुरू केला. मी पतियाळ्याहून खेळाचे प्रशिक्षण घेऊन आलो होतो आणि येताना ग्लोव्हजच्या दोन जोड्या आणल्या होत्या. पोरांना वाटायचे हे कुस्तीतलेच काहीतरी आहे. त्या शेडमध्ये कापसाची धूळ इतकी की सरावानंतर सगळ्यांच्या भुवया पांढऱ्या. जीवरामला पोरांना जीव लावणे जमायचे. मला जमायचे नाही. म्हणून तो प्रशिक्षक झाला आणि मी परीक्षा देऊन पंच झालो, आणि नोकरीच्या निमित्ताने जळगावला आलो.

पंचाचे काम काय, हे क्लबच्या पोरांना कोणीतरी सांगावे म्हणून इथे लिहितो. पंचाने कोणावर विश्वास ठेवायचा नसतो. ग्लोव्हज दाबून बघायचे, आतला कापूस सरकवून बोटांच्या गाठी मोकळ्या केल्या आहेत का. चेहऱ्यावर व्हॅसलीन जास्त आहे का, पुसायचे. प्रशिक्षक म्हणतो मुलगा तंदुरुस्त आहे, ऐकायचे नाही. गर्दी म्हणते चालू द्या, ऐकायचेच नाही. आणि सगळ्यात कमी विश्वास ठेवायचा तो खुद्द खेळाडूवर. रिंगमध्ये उभा असलेला प्रत्येक मुलगा तुम्हाला एकच खोटे सांगतो, "मी ठीक आहे."

कलम पाचवे. ज्यांच्यावर माझा राग आहे त्यांची नावे मी या कागदावर घालणार होतो. वकील अखिल कोठारी म्हणाले, बदनामी होईल. म्हणून नावे गाळली. ज्यांची गाळली त्यांना ती माहीत आहेत. मला पंचांच्या यादीतून काढले तेव्हा जे समितीत होते, त्यांपैकी एकजण अंत्ययात्रेला नक्की येईल आणि पुढे-पुढे करील. त्याला भाषण करू देऊ नये.

कलम सहावे. हे कलम माझा भाऊ कै. जीवराम वना बोरसे याच्याबद्दल आहे. यात देण्यासारखे काही नाही, पण याच्याशिवाय पुढचे कळणार नाही.

डिसेंबर २००१. राज्य अजिंक्यपद स्पर्धा धुळ्यात होती. जळगावचे डाळमिलवाले रिखबचंदशेठ यांनी मांडव आणि जेवण दिले होते. जीवरामचा शिष्य गोपाल मंगा देवरे, वय एकोणीस, उपांत्यपूर्व फेरीत पोचला होता. बॉक्सिंगमध्ये उपांत्य फेरीत हरणाऱ्या दोघांनाही कांस्य मिळते, म्हणजे ही लढत जिंकली की पदक पक्के. आणि राज्याचे पदक म्हणजे पोलीस भरतीत खेळाडूंसाठी राखलेली जागा. गोपालच्या गावाहून टेम्पो भरून माणसे आली होती. त्याचा बाप मंगा पहिल्या रांगेत हात जोडून बसला होता, देवळात बसावे तसा.

त्या लढतीला पंच म्हणून माझे नाव नव्हते. ज्याचे होते त्याला ताप भरला. मी स्पर्धेच्या अधिकाऱ्यांना स्पष्ट सांगितले, "निळ्या कोपऱ्यात माझा सख्खा भाऊ आहे. मला टाकू नका." लाल कोपरा अकोल्याचा होता. त्यांचे व्यवस्थापक लगेच म्हणाले, "बोरसे सर आम्हाला चालतील. आमची हरकत नाही." इतक्या लगेच म्हणाले की मला तेव्हाच शंका आली. मला वाटले, हा माणूस भावाला झुकते माप देणार नाही, उलट जरा जास्तच कडक राहील, असा यांचा अंदाज आहे. पुढे लोकांनी त्याच वाक्याचा अर्थ वेगळा लावला.

गोपाल चांगला खेळत होता. तिसऱ्या फेरीअखेर तो गुणांनी पुढे असणार, हे मलाही दिसत होते. चौथ्या आणि शेवटच्या फेरीत त्याला कानाच्या खाली डावा हुक बसला. तो पडला नाही. पडला असता तर बरे झाले असते, सगळ्यांना दिसले असते. मी लढत थांबवून आठ मोजले. त्याने हात वर घेतले, पाय नीट ठेवले. मी विचारले, "कसा आहेस?"

"बेस शे, सर. चालू द्या."

उत्तर बरोबर होते. पण उत्तर देताना त्याने माझ्याकडे पाहिले नाही. माझ्या उजव्या खांद्याच्या किंचित बाजूला, जिथे कोणीच नव्हते, तिथे पाहिले. मी दोन्ही हात हलवून लढत संपवली, म्हणजे अकोल्याचा मुलगा जिंकला, आणि गोपालला धरून त्याच्या कोपऱ्याकडे नेले.

मांडवात खुर्च्या उडाल्या. जीवराम दोरांमधून आत आला. "नाना, काय केलं हे? तो पुढे आहे! एक मिनिट राहिलंय!"

"त्याचे डोळे बघ."

"डोळे काय बघू? उभा आहे तो. बोलतोय तो. गोपाल, बोल नानांशी!"

गोपाल म्हणाला, "माले काही व्हयनं नही."

जीवराम माझ्या अगदी जवळ आला. त्याला वाटले असेल की तो हळू बोलतोय, पण निवेदकाचा माईक दोराला लागून होता. सगळ्या मांडवाने ऐकले. "नाना, किती घेतले?"

लहानपणी आम्ही एका गोधडीत झोपलो आहोत. त्याने दुसरे काहीही विचारले असते तरी मी उत्तर दिले असते. मी काही बोललो नाही. माझे न बोलणे हेच लोकांनी कबुली म्हणून धरले.

डॉक्टरांनी थोड्या वेळाने तपासले तेव्हा गोपालची नाडी चांगली, चालणे सरळ. त्यांनी तसे सांगितले. पुढे चौकशी समिती बसली. रिखबचंदशेठ आणि अकोल्याचे व्यवस्थापक यांची सोयरीक आहे, असे कोणीतरी शोधून काढले. माझ्या स्लॅबचा विषय निघाला. पण हे सगळे वाऱ्यावर गेले असते. समितीने गोपालला समोर बसवून विचारले, "त्या वेळी चक्कर, अंधारी, असं काही झालं होतं का?" तो म्हणाला, "नाही सर. मी ठणठणीत होतो." मी त्याच खोलीत होतो. माझे नाव यादीतून कमी झाले.

दोन वर्षांनी मला परत घेतले, पण फक्त जज म्हणून. म्हणजे रिंगच्या बाहेर खुर्चीवर बसून गुण द्यायचे. आत पाय ठेवायचा नाही. पुढे यंत्र आले, एक लाल बटण, एक निळे. मी लढत बघता बघता इतर जजांचे अंगठेही बघायचो. ठोसा न लागता कोणाचा अंगठा हलतो ते मला कळायचे. मी तोंडावर सांगायचो. त्यामुळे माझ्या शेजारी बसायला कोणी तयार नसायचे. निवृत्तीच्या दिवशी मला शाल दिली ती पोस्टाने आली.

जीवराम त्यानंतर माझ्याशी एक शब्द बोलला नाही. २००६ साली त्याने त्याची मुलगी सोनल गोपालला दिली. मला पत्रिका नव्हती. २०१६ साली तो हृदयविकाराने गेला. मी गावी गेलो. त्याची बायको गुंताबाई दारात उभी राहिली. "नाना, इथूनच माघारी फिरा. ते तुमचं नाव न घेता गेले. आता मी घेऊ देणार नाही." मला खांदा देऊ दिला नाही. मी सगळ्यांच्या मागून स्मशानापर्यंत चालत गेलो. तेवढे त्यांना अडवता आले नाही.

कलम सातवे. गोपाल मंगा देवरे याच्याबद्दल.

जीवराम गेल्याच्या दुसऱ्या वर्षी माझ्या बोअरची मोटार जळाली. दुकानात निरोप ठेवला. मोटार काढायला जो आला तो गोपाल. बायकोपोरांना गावी सासूपाशी ठेवून त्याने जळगावात मोटार रिवाइंडिंगचे दुकान टाकले होते, हे मला माहीत नव्हते. पोलीस तो झाला नाही. मला बघून तो दचकला नाही, यावरूनच मी ओळखले की पत्ता बघून मुद्दाम आला आहे.

मोटार बसवून गेला. पुढच्या आठवड्यात मोटार नीट चालते का बघायला आला. मग त्याच्या दुकानाच्या सुट्टीच्या दिवशी यायचे त्याचे ठरूनच गेले. कधी केळीच्या पानात भरीत आणायचा, कधी नुसता बसायचा. नात्याने मी त्याचा चुलत सासरा, पण तो मला नाना म्हणत नाही, सर म्हणतो. सोनलला आणि सासूला न सांगता येत असे.

ज्या माणसाची नोकरी माझ्यामुळे गेली, असे सगळा खानदेश म्हणतो, तो माणूस मला भरीत का आणतो? मी पुष्कळ विचार केला. पहिले भरीत मी त्याला आधी खायला लावले. त्याने खाल्ले, आणि म्हणाला, "तिखट झालंय जरा." एकदा उषाची अंगठी दिसेल अशी कपाट उघडे ठेवून मी मागच्या दाराने गच्चीवर गेलो. परत आलो तर कपाट लावलेले आणि हा अंगणात कढीपत्त्याला पाणी घालतोय. मग वाटले, गुंताबाईने पाळतीवर ठेवला असेल. मी मुद्दाम सांगितले, "माझ्या पोटात गाठ निघाली आहे." ही खबर शिंदखेड्यापर्यंत जाते का बघितले. गेली नाही. मात्र हा दुसऱ्या दिवशी डॉक्टरची वेळ घेऊन दारात हजर.

रस्ता रुंद झाल्यावर मी म्हटले, "गोपाल, तो प्लॉट तू घे. मोठं दुकान होईल."

"नको सर. तो ईश्वरभाऊंचा आहे."

हे ऐकून माझा संशय वाढला. पहिल्या हुलकावणीला न फसणारा खेळाडू कच्चा नसतो.

कलम आठवे. यंदा पोळ्याच्या आदल्या दिवशी मी न्हाणीघरात घसरलो आणि डोके धुण्याच्या दगडावर आपटले. गोपाल नेहमीप्रमाणे आला होता. मी उठून बसलो आणि म्हणालो, "काही नाही झालं. चहा टाक." त्याने चहा टाकला नाही. माझ्यासमोर उकिडवा बसून माझ्या डोळ्यांत बघत राहिला. मग रिक्षा आणली आणि मला जवळजवळ उचलून दवाखान्यात नेले.

डोक्याचे फोटो काढले. डॉक्टर म्हणाले, आजचा दिवस आणि रात्र देखरेखीखाली ठेवू. मला दवाखान्यांचे सगळे डाव माहीत आहेत. मी म्हटले, "मी ठीक आहे. गोपाल, मला घरी घेऊन चल."

"नाही सर."

"मी सांगतोय ना, ठीक आहे!"

"तुम्ही सांगालच."

तेव्हा माझा तोल सुटला. सगळ्या खोलीला ऐकू जाईल असे मी ओरडलो, "तुला काय हवंय माझ्याकडून? आठ वर्षं झाली, सांग एकदाचं! मी मेलो की प्लॉट मिळेल असं वाटतं? तसं असेल तर घरी घेऊन चल की मला, लवकर मरेन!" बोलून झाल्यावर मलाच कळले की यात गणित चुकते आहे.

गोपाल स्टुलावर बसला. मग आमच्या बोलीत बोलला. वकिलांच्या सोयीसाठी मी ते सरळ करून लिहितो, पण पहिले वाक्य त्याचे जसेच्या तसे: "सर, त्या दिवशी माले दोन रेफरी दिसी राह्यंतात. दोन्ही तुमीनच."

दोन्ही त्याला विचारत होते, कसा आहेस. त्याने एकाकडे बघून उत्तर दिले. ते देतानाच त्याला कळले की आपण चुकीच्याला उत्तर दिले आहे. परत जाताना बसमध्ये तो खिडकीतून ओकला. जीवराम शेजारीच होता. गोपाल म्हणाला, जेवणातले काहीतरी बाधले. घरी गेल्यावर तीन दिवस त्याला दिव्याकडे बघवत नव्हते. बापाला सांगितले, झोप झाली नाही. नंतर समितीपुढे खरे सांगायचे ठरवून तो गेला होता. पण बाहेर बाकावर जीवरामने त्याच्या पाठीवर हात ठेवला आणि म्हणाला, "घाबरू नको. मी माझ्या भावाला सोडलं तुझ्यासाठी." त्यानंतर त्याच्या तोंडून दुसरे उत्तर निघणे शक्य नव्हते.

"मग लग्न झालं," गोपाल म्हणाला. "मग तर घरात रोज तीच गोष्ट. सासरे सांगायचे, सोनल ऐकायची, पोरं ऐकायची. मी ताटावर मान खाली घालून जेवायचो. सर, त्या दिवशी सगळा मांडव माझ्यावर विश्वास ठेवून होता. बाप, सासरे, सगळे. तुम्ही एकटेच नव्हते ठेवत. म्हणून मी जिता आहे."

मला आनंद व्हायला हवा होता. चोवीस वर्षे ज्याची वाट बघितली ते वाक्य मी ऐकले होते. मला आनंद झाला नाही. मला दिसला जीवराम, मांडवात, माझ्या तोंडाजवळ तोंड आणून. हा पोरगा एक वाक्य वेळेवर बोलला असता तर माझा भाऊ माझ्या घरी जेवायला आला असता. मी गोपालला म्हटले, "जा तू." पुढचे कित्येक आठवडे तो आला तरी मी दार उघडले नाही. तो ओट्यावर डबा ठेवून जायचा. मी डबा घ्यायचो, दार उघडायचो नाही.

कलम नववे. पिंप्राळा शिवारातील माझा मोकळा बखळ प्लॉट, ज्याच्याकडे सध्या सर्वांचे लक्ष आहे, त्याबद्दल.

दिवाळीनंतर मी गोपालला बोलावून घेतले. त्याच्याशी झालेले बोलणे असे:

मी म्हणालो, "मी मृत्युपत्र करतोय. त्यात तुझं नाव दोन जागी येऊ शकतं. एक, प्लॉट घेणारा. दुसरं, खाली साक्षीदार. वकील म्हणतात, जो घेतो त्याने साक्ष करू नये. तेव्हा दोन्ही मिळणार नाही."

"साक्षीदाराला आतला मजकूर वाचावा लागतो का, सर?"

"कायद्याने नाही. मी सही करतो एवढं बघितलं की झालं. पण मी तुला वाचायला लावणार. आठवं कलम. आणि ते खरं आहे, असं तुझ्या हाताने लिहायला लावणार."

"आणि प्लॉट घेतला तर?"

"तर आठवं कलम माझ्या एकट्याच्या शब्दावर उभं राहील. पैसे खाल्लेल्या पंचाच्या. तू खुशाल म्हण, म्हाताऱ्याच्या डोक्याला मार लागला होता."

तो खूप वेळ बोटाच्या नखातला वार्निश काढत बसला. "सोनलला कळेल."

"सगळ्यांना कळेल."

"सासूबाई मला घरात ठेवणार नाहीत, सर. माझी पोरं..." उठताना म्हणाला, "विचार करून सांगतो."

विचार करून सांगतो म्हणणारा माणूस काय ठरवतो, याचा मला अनुभव आहे. तरी मी असे लिहितो: या मृत्युपत्राखाली गोपाल मंगा देवरे याची साक्षीदार म्हणून सही नसेल, तर सदर प्लॉट गोपालला मिळावा. सही असेल, तर प्लॉट ईश्वरला मिळावा व गोपालला माझ्या मिळकतीतून काहीही मिळू नये. वकील कोठारी म्हणाले की असे कलम त्यांनी कधी पाहिले नाही. मी म्हणालो, आता पाहिलेत. प्लॉट जाऊ नये म्हणून ईश्वर गोपालला सही करण्याचा आग्रह करील, याची मला जाणीव आहे. म्हणून हे कलम ईश्वरला सांगितलेले नाही.

आज सह्या व्हायच्या आहेत. गोपालला सकाळी बोलावले होते. जेवणाची वेळ होत आली. तो आलेला नाही. कोठारी दोन वेळा दार वाजवून गेले. साक्षीदार म्हणून त्यांचा कारकून बसवू का, असे विचारत आहेत.

पुढचे मी सह्यांच्या आधी लिहीत आहे, म्हणून तेही या मृत्युपत्राचाच भाग समजावे.

गोपाल आला. एकटा आला नाही. त्याच्यामागून गुंताबाई आली. चोवीस वर्षांनी या घराचा उंबरा तिने ओलांडला. मी उठून उभा राहिलो. ती खाटेच्या कडेला बसली. पाणी दिले ते तिने घेतले नाही. मला पहिली शंका आली ती ही की ही सही अडवायला आली आहे.

गोपालने कागद घेतला आणि सहावे कलम मोठ्याने वाचले, मग सातवे, मग आठवे. मध्ये कुठेही थांबला नाही. बसमधली गोष्ट आली तेव्हा गुंताबाई म्हणाली, "परत वाच." त्याने परत वाचली. बाकावरची गोष्टही तिने परत वाचायला लावली. जीवरामचे वाक्य दुसऱ्यांदा ऐकताना तिने पदर तोंडात धरला.

गोपाल सासूला म्हणाला, "आक्का, घरी मी काल जे सांगितलं ते हेच."

तिने त्याच्याकडे बघितलेसुद्धा नाही. माझ्याकडे बघून बोलली, "पंधरा वरीस त्यास्नी भाऊनं नाव लिधं नही. मरतांना लिधं व्हतं, नाना. मी तुमले खोटं सांगं."

मी विचारले, "काय म्हणाला?"

"नाना उनात का, असं इचारं."

वकिलांच्या सोयीसाठी हेही सरळ करून लिहितो: माझे नाव त्याने मरताना घेतले होते, नाना आले का, असे विचारले होते. मग ती उठून टेबलापाशी आली. "अंगठा कोठे लावू?"

मी म्हणालो, "साक्षीदार दोन पुरतात."

"तुमले गरज नही. माले शे."

सोनल बाहेर रिक्षात बसून आहे. आत आलेली नाही. गोपालला आज रात्री घरात घेतील की नाही, याची मला शंका आहे. गुंताबाई हे सगळे का करते आहे, याचीही थोडी शंका आहे, पण ती मी माझ्यापाशी ठेवतो.

हे मृत्युपत्र मी वाचून, समजून, राजीखुशीने खालील साक्षीदारांसमक्ष सही करून ठेवीत आहे. माझ्या हयातीत यात बदल करण्याचा हक्क मी राखून ठेवला आहे, पण बदल करण्याचा विचार नाही.

ठिकाण: पिंप्राळा, जळगाव
दिनांक: १६ नोव्हेंबर २०२५

सही: सुपडू वना बोरसे

साक्षीदार:

१. डॉ. आयुषी छाजेड, जळगाव. लिहून देणारे पूर्ण शुद्धीवर आहेत. सही.

२. गोपाल मंगा देवरे, धंदा मोटार रिवाइंडिंग, जळगाव. आठवे कलम वाचले. मला दोन दिसत होते. मी समितीपुढे खोटे बोललो. नानांनी लढत थांबवली ते बरोबर केले. सही.

३. गुंताबाई जीवराम बोरसे, तालुका शिंदखेडा. निशाणी डावा अंगठा. मजकूर वाचून दाखवला. नवऱ्याच्या वतीनेही हाच अंगठा समजावा, असे त्यांनी लिहून घेण्यास सांगितले.